धाकटीची वाटी

त्या डॅनिश बाई गेल्याची बातमी मी हॉस्पिटलच्या कँटीनमध्ये फोनवर वाचली. लहान मुलांसाठी लिहिणाऱ्या, नव्वदी कधीच ओलांडलेल्या बाई. गेल्या यात नवल काही नव्हतं. बातमीच्या शेवटी लिहिलं होतं की त्यांच्या सगळ्यात गाजलेल्या पुस्तकाचा शेवट गोड करा म्हणून लोक आयुष्यभर मागे लागले, पण बाईंनी तो जगातल्या कुठल्याही भाषेत बदलू दिला नाही. मी हातातलं सँडविच तसंच खाली ठेवलं. एका भाषेत तो बदलला गेला होता. मराठीत. बदलणारा माणूस एडिनबराच्या लीथ भागातल्या माझ्या फ्लॅटमध्ये खिडकीशी बसून माझी वाट बघत होता, आणि त्याच्याशिवाय ही गोष्ट जगात फक्त मला ठाऊक होती.

तो माणूस म्हणजे माझे बाबा.

बाबा मिरजेच्या एका हायस्कुलात इंग्रजी शिकवायचे. शाळेला कुणीतरी भेट दिलेल्या पुस्तकांच्या खोक्यात त्यांना ते पुस्तक सापडलं, इंग्रजी भाषांतर. गोष्ट साधी. डेन्मार्कमधल्या एका बेटावर तर, म्हणजे माणसं खाडीपार नेणारी होडी, चालवणाऱ्या माणसाच्या दोन मुली. हिवाळ्यात खाडी गोठते. पाळलेलं बदक पळालं म्हणून धाकटी त्याच्यामागे बर्फावर जाते आणि परत येत नाही. आई रोज संध्याकाळी टेबलावर दोन वाट्या मांडत राहते. शेवटच्या पानावर बर्फ वितळतो, तर पुन्हा सुरू होते, आणि थोरली स्वतःच्या हाताने धाकटीची वाटी धुऊन, पुसून, वर फळीवर ठेवून देते. तिथे पुस्तक संपतं.

बाबांना ते इतकं आवडलं की पुण्याच्या एका प्रकाशकाच्या मागे लागून त्यांनी परवानगी मागवली. परवानगीचं पत्र आलं त्यात दोनच अटी होत्या. शेवटाला हात लावायचा नाही, आणि छापून झाल्यावर एक प्रत बाईंना पाठवायची. ते पत्र बाबांनी कौतुकाने शेजारच्या चार घरांत दाखवलं होतं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते असं.

आमच्या घरी भाषांतराचं काम दोघं करायची. बाबा जुन्या उत्तरपत्रिकांच्या पाठकोऱ्या कागदांवर पेन्सिलीने लिहायचे आणि त्यांचं अक्षर म्हणजे मुंग्यांची रांग. त्यामुळे छापखान्यासाठीची प्रत आई करायची. जेवणं झाली, भांडी झाली, की ती स्वयंपाकघरात पाटावर बसायची, ट्रंक पुढे ओढायची आणि शाईने एकेक पान उतरवायची. उतरवताना मोठ्याने वाचायची तिला सवय होती. मी आणि माझी धाकटी बहीण फरशीवर पालथ्या पडून ऐकायचो. मी सात वर्षांची, ती चार. रोज दोन पानं. पान संपलं की धाकटी विचारायची, ‘सापडली का गं ती?’ आणि आई म्हणायची, ‘बाबा लिहितील तेव्हा कळेल.’

शेवटचं पान राहिलं होतं तेव्हा माझ्या बहिणीला ताप आला. चार दिवसांत ती गेली. त्याहून जास्त मला आठवत नाही आणि जे आठवतं ते लिहवत नाही.

तेरावा झाल्यावर आई आपणहून म्हणाली, ‘राहिलेलं द्या, उतरवून टाकते.’ बाबांनी दोन दिवस टाळलं. तिसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी तिच्या हातात कागद ठेवला आणि ते दारात उभे राहिले. आई वाचत वाचत लिहू लागली. दार वाजतं. दारात धाकटी. कोळ्यांनी तिला होडीत घेऊन पलीकडच्या गावी सांभाळलं होतं. बदकसुद्धा तिच्या काखेत. आई दोन्ही वाट्यांत शेवयांची खीर वाढते. आणि खाली, आपल्या व्रताच्या कहाण्यांना असते तशी ओळ: ही साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण.

खिरीपाशी आई थांबली होती. मान वर न करता तिने विचारलं, ‘तिकडे शेवया मिळतात का हो?’

‘मिळतात,’ बाबा म्हणाले.

आईने ते पान पूर्ण केलं. पुस्तक छापून आलं. मुलांना आवडलं, दुसरी आवृत्ती निघाली. बाईंना प्रत काही बाबांनी पाठवली नाही. मी विचारलं की म्हणायचे, पत्ता हरवला.

हे सगळं मला तेव्हा नुसतं दिसलं होतं, कळलं नव्हतं. कळलं एडिनबराला आल्यावर, हॉस्पिटलच्या फार्मसीत नोकरी लागल्यावर, माझी मुलगी चार वर्षांची असताना. जुन्या वस्तू विकणाऱ्या एका चॅरिटी शॉपमध्ये ते पुस्तक इंग्रजीत मिळालं. मी दुकानातच, कुणाच्यातरी जुन्या कोटांच्या रांगेत उभी राहून शेवटचं पान उघडलं. खीर नाही. दार वाजत नाही. नुसती वाटी आणि फळी. मला इतका राग आला की मी फुटपाथवरूनच मिरजेला फोन लावला.

‘बाबा, ती परत येत नाही! तुम्ही धडधडीत खोटं लिहिलंत!’

‘छपाईची चूक असेल,’ बाबा म्हणाले.

‘अख्खं पान? शेवयांसकट?’

पलीकडे दार लोटल्याचा आवाज आला. मग ते हळू म्हणाले, बहुतेक आई आत होती, ‘खरं पान लिहिलं होतं गं मी. चांगलं जमलं होतं. पण ते उतरवणार कोण होतं? ते पान मी तुझ्या आईच्या हातात कसं देणार होतो?’

मी तिथेच एका बंद दुकानाच्या पायरीवर बसले. माणसं वळसा घालून जात होती. त्यानंतर आम्ही हा विषय काढला नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं मी स्वतःला सांगितलं. आई गेली तोपर्यंत तिला ठाऊक होतं की नव्हतं, हे मला आजही माहीत नाही.

आई गेल्यावर, इकडचे व्हिसाचे नियम अजून थोडे सैल होते तेव्हा, बाबांना मी एडिनबराला आणलं. ते इथे छान रुळले. लायब्ररीत जायचे, बसच्या ड्रायव्हरला ‘गुड मॉर्निंग’ म्हणून वर हवामानावर दोन वाक्यं बोलायचे. आणि बाईंच्याबद्दल जे मिळेल ते वाचायचे. त्यांच्याकडूनच मला बाईंचं आयुष्य कळलं. बाई स्वतः अशाच तर चालवणाऱ्या माणसाची मुलगी. धाकटी बहीण खरोखरच बर्फावर गेली होती. बाई मोठ्या झाल्यावर शाळेत नर्स होत्या, लिहायला लागल्या चाळिशीत. इतर पुस्तकं बरीच, आणि गमतीची. एक आळशी होडीचं, एक कोंबड्या पाळणाऱ्या आत्याचं. पण मुलं पत्रं पाठवायची ती या एकाच पुस्तकासाठी, आणि विचारायची तेच: ती पुढे कधीतरी येते का? बाई प्रत्येकाला हाताने उत्तर लिहायच्या. नाही, येत नाही. सिनेमावाले दोनदा घरी येऊन गेले, शेवट बदलायची गोष्ट काढली. बाईंनी त्यांना चहा पाजून परत पाठवलं.

हे वाचलं की बाबा चष्मा काढून ठेवायचे. ‘एवढी एक गोष्ट त्या बाईने आयुष्यभर सांभाळली,’ ते म्हणायचे, ‘आणि मी ती मिरजेत बसून मोडली.’ एकदा म्हणाले, ‘त्यांना पत्र लिहावं.’ मी म्हटलं, लिहा की. वर्ष गेलं. मग दुसरं गेलं. मग बाबांना स्ट्रोक आला.

उजवा हात गेला आणि शब्द गेले. इंग्रजी तर पार गेलं, चाळीस वर्षं शिकवलेलं. समोरच्याने बोललेलं कळायचं, पण तोंडातून यायचं ते मराठीच, आणि तेही एकेक शब्द ओढून काढल्यासारखं. पाणी हवं असलं की ‘ते... ते...’ करत कपाळाला हात लावायचे. मात्र पाढे म्हणायला सांगितले तर घडाघडा. आरत्या संपूर्ण. मी थेरपिस्टला म्हटलं, बघा, येतंय की बोलायला! ती सहानुभूतीने म्हणाली, पाठ असलेलं आपोआप वाहतं, ते बोलणं नव्हे. मला तिचा राग आला होता. ती बरोबर होती.

आणि त्यानंतरच्या उन्हाळ्यात बाई एडिनबराला येणार असल्याचं कळलं.

ऑगस्टमध्ये या गावात कार्यक्रमांना तोटा नसतो. अर्धं गाव स्टेजवर असतं आणि उरलेलं अर्धं पत्रकं वाटत फिरतं. त्यातच एका हॉलमध्ये दुपारी बाईंच्या गप्पा आणि नंतर सह्या. मी बाबांना सांगितलं तेव्हा ते खुर्चीतून उठायलाच लागले. त्यांच्या मनात काय आहे ते विचारायची गरज नव्हती. तीन आठवडे ते एक वाक्य घोटत होते. सकाळी दात घासून झाले की आरशासमोर, दुपारी खिडकीशी. ‘शेवट... मी... बदलला. माफ... करा.’ चार शब्द बसले की पाचवा निसटायचा. मी म्हटलं, बाबा, चिठ्ठी लिहून देऊ का? त्यांनी जोरात मान हलवली. ‘तोंडाने,’ ते म्हणाले. ‘तू... इंग्रजीत.’ म्हणजे बोलणार ते आणि इंग्रजी करणार मी. घरात भाषांतर पुन्हा दोघांचं झालं होतं.

बाई व्हीलचेअरवर आल्या, भाची ढकलत होती. एवढ्याशा, निळी विणलेली टोपी, कानात मशीन. बोलल्या मोजकं आणि स्वच्छ. पहिल्या रांगेतल्या एका मुलीने विचारलं, ती वाटी अजून आहे का? बाई म्हणाल्या, आहे, त्याच फळीवर आहे. बाबांनी डाव्या हाताने माझं मनगट पकडलं ते सोडलं नाही.

सह्यांच्या रांगेत आम्ही शेवटचे होतो. मी टेबलावर बाबांचं मराठी पुस्तक ठेवलं, पहिली आवृत्ती, पाठीला पट्टी लावलेलं. मी सांगितलं, माझ्या वडिलांनी तुमचं पुस्तक आमच्या भाषेत आणलंय. बाईंचा चेहरा उजळला. माझ्या घरी सगळ्या भाषांची फळी आहे, त्या म्हणाल्या, त्यात हे कधी आलंच नाही, मला वाटलं छापलंच गेलं नाही. त्यांनी दोन्ही हातांनी पुस्तक घेतलं, बाबांकडे पाहिलं, आणि थेट शेवटचं पान उघडलं. मला वाचता येत नाही, पण प्रत्येक भाषेतल्या शेवटच्या वाक्यावर मी बोट ठेवते, असं म्हणून त्यांनी बोट ठेवलं. खाली लिहिलं होतं, सुफळ संपूर्ण.

बाबा माझा आधार सोडून सरळ उभे राहिले.

‘शेवट मी बदलला,’ ते म्हणाले. एकही शब्द न अडता. ‘माफ करा.’

तीन आठवड्यांत पहिल्यांदा ते वाक्य त्यांना सलग जमलं होतं. बाईंनी माझ्याकडे पाहिलं. काय म्हणाले ते?

मी तोंड उघडलं. मागे भाची घड्याळ बघत होती. समोर नव्वदीतली बाई, जिची बहीण खरीच गेली होती, बोट माझ्या आईने उतरवलेल्या ओळीवर. मी इंग्रजीत म्हणाले, ‘ते म्हणतात, हे त्यांनी लिहिलेलं सगळ्यात कठीण वाक्य होतं.’

‘माझंही,’ बाई म्हणाल्या.

एवढ्यावर सुटका झाली असती तरी चाललं असतं. पण त्या म्हणाल्या, मला वाचून दाखव, तुमच्या भाषेत कसं वाजतं ते ऐकायचंय. आणि मी वाचलं. निर्लज्जासारखं, स्पष्ट उच्चारात वाचलं. ही साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण. बाई डोळे मिटून ऐकत होत्या. मग डोळे उघडून म्हणाल्या, हो, कळतं, न समजतासुद्धा कळतं. त्यांनी बाबांचा लुळा हात उचलून दोन्ही हातांत धरला. बाबा माझ्याकडे बघत होते. त्यांना इंग्रजी बोलता येत नव्हतं. कळत सगळं होतं.

बसमध्ये मी त्यांना खिडकीची जागा दिली आणि उगाच बडबड करत बसले, किती गर्दी, किती छान बोलल्या, भाचीने माझा ईमेलचा पत्ता घेतलाय. ताकाला जाऊन भांडं लपवून आले होते मी, आणि बडबड थांबवली तर ते काही बोलतील अशी भीती वाटत होती. लीथ वॉक या रस्त्याचा उतार लागला तेव्हा ते बोललेच. रागाने नाही.

‘तुलाही... सांगवलं नाही.’

‘नाही, बाबा,’ मी म्हणाले आणि उतरायची बेल दाबली. आमचा स्टॉप अजून दोन स्टॉप पुढे होता. आम्ही उतरलो आणि चालत गेलो, काठी टेकत, अर्धा तास लागला.

त्यानंतर मी म्हणत राहिले, पत्र लिहू, ईमेल करू. बाबा हो म्हणायचे. मी लिहायची, पुसायची. हिवाळा गेला. आणि मार्चमध्ये कँटीनमध्ये ती बातमी.

घरी येऊन मी ती त्यांना मराठी करून वाचून दाखवली. त्या ओळीशी आले तेव्हा या खेपेला गाळली नाही. ‘कुठल्याही भाषेत बदलू दिला नाही,’ मी वाचलं. बाबांनी मान खाली घातली. मी त्यांच्यासाठी चहा केला, दुसरं काय करणार?

दोन महिन्यांनी भाचीची ईमेल आली. बाईंचं बेटावरचं घर लोकांना बघायला खुलं होणार आहे. भाषांतरांची फळी तशीच राहील, आणि वाटीसुद्धा. प्रत्येक पुस्तकासोबत एक कार्ड असेल, त्या भाषेतलं शेवटचं वाक्य आणि खाली त्याचं इंग्रजी. मराठी प्रत पाठवाल का, आणि कार्ड तुम्हीच लिहाल का? आत्याला ते भारतातले गृहस्थ फार लक्षात राहिले होते, शेवटपर्यंत त्यांच्याबद्दल सांगायची.

मी ती वाचून दाखवली. बाबांनी टेबलाकडे बोट केलं. कागद. पेन. माझ्याकडे बोट.

‘खरं... पान,’ ते म्हणाले. ‘मी... सांगतो. तू... उतरव.’

मला कळलं. त्या वेळी लिहिलेलं, चांगलं जमलेलं आणि आईला न दिलेलं पान. ते पुस्तकात चिकटवून पाठवायचं. ते मी इंग्रजीवरून एका दुपारी करून टाकलं असतं. पण ते माझं झालं असतं. त्यांचं पान त्यांच्याच डोक्यात होतं, आणि त्यांना ते त्यांच्याच शब्दांत जायला हवं होतं.

रोज चहा झाला की आम्ही बसतो. ‘बर्फ...’ ते म्हणतात. मी लिहिते, बर्फ. ‘ते... वाहून... नाही...’ ‘वितळला?’ ते मान हलवतात. मी लिहिते. ‘तर... सुरू.’ कधी एक ओळ होते, कधी तीन शब्द. मी आईसारखं मोठ्याने वाचते, कारण त्याशिवाय त्यांना पुढचं आठवत नाही. बारा दिवसांनी आम्ही वाटीपाशी आलो.

‘थोरलीने,’ बाबा म्हणाले. मी लिहिलं. ‘धाकटीची.’ मी लिहिलं. ‘वाटी.’ त्यांच्या कपाळावर घाम होता. त्यांनी डावा हात वर नेला, फळी दाखवली, ओठ हलवले. शब्द येत नव्हता. मी सुचवला नाही, वाटीच्या वाक्यात सुचवायचा नाही असं ठरलं होतं. त्यांनी डोळे मिटले, श्वास घेतला, आणि मग त्यांच्या तोंडून सगळं सलग, न अडखळता, जुन्या खणखणीत आवाजात आलं:

‘ही साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण.’

त्यांनी घाबरून तोंडावर हात ठेवला. मी म्हटलं, असू दे बाबा, पुन्हा. त्यांनी पुन्हा सुरुवात केली. थोरलीने. धाकटीची. वाटी. आणि पुन्हा तेच आलं, तसंच घडाघडा, पाढ्यासारखं. तिसऱ्यांदाही. चौथ्यांदा ते रडायला लागले, आणि रडता रडतासुद्धा तेच म्हणत होते.

पुस्तक अजून माझ्या टेबलावर आहे, शेजारी कोरं कार्ड. भाचीने परवा पुन्हा विचारलंय. बाबा रोज चहानंतर खुर्ची टेबलाकडे ओढतात आणि माझ्याकडे बघतात. मी पेन उघडते आणि वाचते: थोरलीने धाकटीची वाटी. मग आम्ही दोघं थांबतो.